गोळे थांबले ती दुपार

लढाईच्या त्या वर्षी जबलपुरात घरोघरी खात्री होती, की जग बुडेल ते आपल्या गावापासूनच. एवढे दारूगोळ्याचे कारखाने इथे. पहिला बॉम्ब दुसरीकडे कशाला पडेल? घमापूरच्या पुढे आमचं क्वार्टर. अंगणात बाबांनी खंदक खणला होता आणि आई त्यातला केर रोज काढायची. जग बुडालं तरी पाहुण्यांसमोर शोभा नको!

जवळच्या मैदानात दिवसभर तोफगोळ्यांची चाचणी चाले. धडाम झालं की फळीवरची भांडी थरथरत, पण आम्ही मान वर करत नसू. आवाज आहे म्हणजे आपली माणसं कामावर आहेत. भीती वाटायची ती आवाज थांबला की: विमानं आली म्हणून तर काम टाकून लपली नाहीत?

अशात मला बघायला वर्ध्याहून मुलगा आणि त्याची आई आली. आधीचं स्थळ मी फिदीफिदी हसले म्हणून मोडलेलं. आईने बजावलं होतं, "आज दात दिसले तर बघ!"

मी पोह्यांची बशी त्या बाईंच्या हातात दिली आणि धडाम! बशी एकीकडे, बाई खाटेखाली. "अगं माय! पडला वं बॉम्ब!"

मी हसले. पदर तोंडात कोंबला, तरी हसले. आईने डोळेच मिटले. गेलं हेही स्थळ.

मग गोळे थांबले. बराच वेळ काहीच नाही. बाबांनी कप खाली ठेवला. "चलो, सगळे खंदकात."

"आता कुठे शांत झालं," बाई खाटेखालून निघत म्हणाल्या, "अन् आता काहून पळून राहिले तुम्ही?"

खंदकात गुडघ्याला गुडघे लागले. बाईंनी माझ्याकडे पाहिलं.

"काहून वं, आता नाही हसत?"

"आता खरंच भीती वाटून राहिली."

त्यांनी माझा हात घट्ट धरला.

धडाम! आम्ही घरच्या सगळ्यांनी एकदम हुश्श केलं. बाई मात्र किंचाळून माझ्या गळ्यातच पडल्या आणि मला पुन्हा हसू फुटलं. या वेळी त्यांनाही.

मैदानात म्हशी शिरल्या म्हणून गोळे थांबले होते, असं बाबांना दुसऱ्या दिवशी कळलं. त्या म्हशींना माझा आजही मनोभावे नमस्कार आहे.

कारण बाईंना वर चढायला मुलाने हात पुढे केला, तेव्हा त्या म्हणाल्या, "तू राहू दे. सूनबाई देईल हात."

आई खंदकातच मटकन खाली बसली.