आईंपासून लपवून केलेलं शूटिंग

परवा रविवारी भर दुपारी, सौंसरच्या उकाड्यात, आम्ही दोघी जावांनी खोलीतला कूलर बंद केला. त्याचा आवाज रेकॉर्डिंगमध्ये येत होता...

माझी धाकटी जाऊ वंदना गणपती-नवरात्रात स्टेजवर एकपात्री विनोदी कार्यक्रम करते. पांढुर्णा, बोरगाव, सगळीकडून बोलावणं असतं. यंदा टीव्हीवरच्या एका कॉमेडी स्पर्धेत तिने पहिली फेरी पार केली. दुसऱ्या फेरीचा व्हिडिओ त्याच संध्याकाळपर्यंत पाठवायचा होता.

तिचा सगळ्यात गाजलेला प्रसंग म्हणजे जामसांवलीच्या देवळातल्या निजलेल्या हनुमानाला सुनेची गाऱ्हाणी सांगणारी सासू. ती सासू हुबेहूब आमच्या सासूबाई, म्हणजे आई! गुडघ्यांमुळे त्या कार्यक्रमांना जात नाहीत, त्यामुळे त्यांना ठाऊक नाही अशी आमची समजूत.

मंडपात हसणारे लोक आपले असतात. टीव्हीवर परके लोक आपल्या सासूला हसणार, हे मला टोचत होतं. पण वंदनाला नको तरी कसं म्हणू? शेवटी मीच सुचवलं, आई झोपल्या की हळू आवाजात उरकून घेऊ.

मोबाइल मी धरला. "देवा, तू झोपल्या झोपल्या ऐकतं, माही सून उभ्यानं बी ऐकत नाही!" याच वाक्याला मंडप डोक्यावर घेतात लोक. पण कुजबुजत म्हटल्यावर त्यात जीवच राहिला नाही. पुन्हा केलं, पुन्हा तेच... "ताई, जमून नाही राहिलं," वंदना रडवेली झाली.

तेवढ्यात दार उघडलं. दारात आई!

"काय वं, मी एवढ्या हळू कधी बोलतो काय? देव जागा झाला पायजे, असं बोल!"

मी मोबाइल खाली घेतला. "तुही नक्कल साऱ्या गल्लीनं सांगतली मले," आई वंदनाला म्हणाल्या.

मी कसंबसं म्हटलं, "पण आई, हे टीव्हीवर येईल... सगळे हसतील."

"हसू दे न बाप्पा! सावरगावची पोरगी हावो मी. आमच्याइकडं पोळ्याच्या गोटमारीत दोन गावं एकमेकाईवर दगडं मारते, त्याले नाही भ्यालो. लोकाईच्या हसण्याले भिऊ काय?"

मग त्या समोर पलंगावर बसल्या. "पदर असा नाही, असा घेतो मी." वंदनाने त्यांच्याकडे बघत पूर्ण आवाजात प्रसंग केला. आई इतक्या हसल्या की त्यांना ठसका लागला. तो ठसकासुद्धा रेकॉर्ड झालाय... आम्ही तोच व्हिडिओ पाठवला.

निकाल अजून आलेला नाही. पण फोन वाजला की आई आतूनच विचारतात, "टीव्हीवाल्याईचा हाय काय वं?"

आईंचा मान जपायचा म्हणून मी वेळ ठरवली, आवाज ठरवला... एकदा त्यांनाच विचारावं, हे मात्र मला सुचलं नाही. त्या आपणहून आत आल्या, हे आमचं नशीब.