निळा खोका

फोन शांताकाकूंचा होता. “वंदू, काका गेले,” एवढंच त्या म्हणाल्या. मग, “रामोनला तू सांग. मला इंग्लिशमध्ये रडता येत नाही.” मी बसने युनियन सिटीला पोचले तेव्हा काकांचा शेजारी रामोन जिन्यातच बसला होता. त्याला काही सांगावं लागलं नाही.

भास्करकाका माझे सख्खे काका नव्हते. अमेरिकेत शिकायला आलेल्या मराठी मुलांना असे एखादे काका मिळतात. मला हे मिळाले, कारण आम्ही दोघंही बौद्ध होतो आणि त्यांच्या फ्रिजमध्ये माझ्यासाठी वरण ठेवलेलं असायचं. परभणीकडच्या खेड्यातून आलेला हा माणूस इथल्या एका हॉस्पिटलच्या लॅबमध्ये रक्त तपासायचा. आमच्या घरी पुस्तकांच्या आधी चळवळीची पत्रकं आली, वाचायला मी त्यांच्यावरच शिकले, हे मी त्यांना एकदा सांगितलं होतं. तेव्हापासून दार उघडताना ते म्हणायचे, “या, पत्रकवाल्या बाई. आज कुणाचा निषेध?”

त्यांचे वडील गावात डफडं वाजवायचे. ही हौस नव्हती, नेमून दिलेलं काम होतं. गावातल्या लग्नाला वाजवायचं, जत्रेला वाजवायचं, मयताला वाजवायचं... अंगात ताप असला तरी वाजवायचं, आणि मग शिळ्या भाकरीसाठी दाराबाहेर थांबायचं. धर्मांतरानंतर त्यांनी डफडं अंगणात जाळलं. त्यानंतर गावातल्या दुकानातून त्यांना मीठसुद्धा मिळेना. मुलगा शिकायला निघाला तेव्हा बापाने त्याला एकच गोष्ट सांगितली : ज्या हाताने लिहिशील, त्या हाताने वाजवू नको.

अशा माणसाच्या खालच्या मजल्यावर रामोन राहायला आला. १९८० साली क्युबातून माणसांनी भरलेल्या बोटी फ्लोरिडाला लागल्या, त्यांतल्या एकीतून तो आलेला. युनियन सिटीत क्युबाचे लोक आधीपासून खूप होते, पण ते बहुतेक गोरे, दुकानदार. हा काळा, गोदी कामगाराचा मुलगा. त्यांच्या दुकानात त्याला कॉफी मिळायची, बसायला खुर्ची मिळत नसे. दर रविवारी तो ढोल वाजवायचा आणि काकांच्या स्वयंपाकघराची फरशी थरथरायची. एका रविवारी काका खाली तक्रार करायला गेले आणि दोन तासांनी परत आले.

त्या दोन तासांत काय झालं, ते काका पुन्हा पुन्हा सांगत. रामोनने त्यांना सांगितलं की आफ्रिकेतून गुलाम म्हणून नेलेल्या त्याच्या पूर्वजांनी क्युबात ढोल केले, आणि पुढे पोलीस ते जप्त करू लागले. मग गोदीतले मजूर खारवलेल्या माशांचे रिकामे खोके उलटे करून त्यांच्यावर वाजवू लागले. खोका कोण जप्त करणार? काका त्याला म्हणाले, “आमच्या बापाने स्वतःचा ढोल स्वतःच जाळला.” रामोन विचारात पडला. म्हणाला, “का? नीट वाजत नव्हता?”

हे सांगताना काका डोळ्यांत पाणी येईपर्यंत हसायचे. मग थांबायचे. “त्याला काय सांगू वंदू... फार चांगला वाजायचा.”

माझा क्युबा पत्रकांतला होता. तिथे क्रांती झाली, विषय संपला. मी रामोनला सरळ विचारलं, क्रांती सोडून तू इथे का आलास? तो रागावला नाही. म्हणाला, “क्रांतीने माझ्या आजीला लिहायला शिकवलं, ते मी विसरणार नाही. पण ढोलाचं ऐक. आधीच्या सरकारांनी बंदी घातली, या सरकारने पगार दिला. दहा वाजता हजर, पाहुण्यांसमोर वाजव, बारा वाजता सही कर. माझ्या हातांना दोन्ही जमलं नाही.” हे माझ्या कुठल्याच पत्रकात नव्हतं.

पुढच्या एप्रिलमध्ये काकांनी ठरवलं की जयंतीला रामोन खोका वाजवेल आणि शेजारी बसून ते स्वतःही. मी विरोध केला. “काका, आपल्या लोकांनी मार खाऊन जे खाली ठेवलं, ते तुम्ही स्टेजवर ठेवणार?”

“खाली ठेवलं ते गावाचं होतं. खोका माझा आहे.”

“मुलं बघणार आहेत तिथे.”

“मुलं इथली आहेत. त्यांना डफडं ठाऊक नाही, मार ठाऊक नाही. काहीतरी तर ऐकू दे.”

“दोघं आधी जेवा,” काकू म्हणाल्या. “भांडण गरम करून देते नंतर.”

रामोनने काकांसाठी एक खोका ठोकून दिला, वर बसून पुढच्या फळीवर हातांनी वाजवायचा. काकांनी तो निळा रंगवला. जयंतीला, एका चर्चच्या तळघरातल्या हॉलमध्ये, काकांनी क्युबातल्या गोदीची गोष्ट सांगितली. रामोनने वाजवलं, मुलं नाचली. काका त्या निळ्या खोक्यावर बसून राहिले, दोन्ही हात कोटाच्या खिशात. परतताना मी विचारलं, का नाही वाजवलं? गाडी चालवत म्हणाले, “बापाला शब्द दिलाय. आणि बापापेक्षा तू जास्त डोळे वटारून बघत होतीस.”

माझं मत आजही तेच आहे. जे काम जन्मावरून माथी मारलं गेलं, त्याला कला म्हणून कुरवाळण्याची घाई मला नाही.

अंत्यविधीच्या दिवशी रामोन आपला ढोल घेऊन आला. वाजवू का, असं त्याने माझ्यामार्फत काकूंना विचारलं. काकू म्हणाल्या, “त्याला सांग, आमच्यात मयताला वाजवत नाहीत. दुसऱ्यांच्या मयताला पुष्कळ वाजवून झालंय.” मी शब्दशः सांगितलं. त्याने ढोल बाहेर नेऊन भिंतीशी ठेवला, आत आला आणि बुद्धवंदना संपेपर्यंत हात जोडून उभा राहिला.

मागच्या आठवड्यात काकूंकडे गेले होते. निळा खोका स्वयंपाकघरात आहे, त्यात कांदे-बटाटे ठेवले आहेत. कांदे काढायला वाकले तर पुढच्या फळीवरचा रंग दोन ठिकाणी उडालेला दिसला, तळहाताएवढा. खालचं लाकूड गुळगुळीत झालं होतं.

“रामोन वर येऊन वाजवायचा का?” मी विचारलं.

“तो कशाला येतोय वर.” काकू भांडी घासत होत्या. “मी इथे असा नळ सोडून ठेवायची. तुझ्या काकांना वाटायचं, हिला काही ऐकू येत नाही.”

काकूंनी नळ बंद केला.

“आमच्याही गावात डफडं होतं, मला ठेके कळतात,” त्या म्हणाल्या. “लग्नाचं वाजवायचे. जत्रेचं वाजवायचे. इतक्या वर्षांत मयताचं एकदाही वाजवलं नाही... दे ते कांदे इकडे.”