धुतलेला दगड

आज कपाट आवरताना सौंसरहून आणलेला एक दगड हाती लागला. ओल्या फडक्यानं पुसला, तसा ओल्या दगडाचा वास आला आणि माय आठवली.

तेव्हा मी भूशास्त्र शिकत होते. कन्हान नदीच्या काठी घड्या पडलेल्या खडकांचे तुकडे काढायचे होते. तुकडा उचलण्याआधी त्यावर मार्करनं उत्तरेचा बाण काढायचा. नाहीतर जमीन कुठून दाबली गेली ते कळत नाही. चार दिवस माय पिशवी घेऊन माझ्या शेजारी बसून होती.

शेवटच्या संध्याकाळी पाहते तर सगळे दगड बाजेवर वाळत घातलेले. राखेनं घासून लख्ख. बाण एकाही दगडावर नव्हता.

मी ओरडलेच.

"काहून चिल्लावून राहिली बाई? मातीनं भरले होते, मनून धुतले."

मी कारण सांगितलं. ती दगड पुन्हा पिशवीत भरू लागली. मग म्हणाली, "चाल नदीवर. कोनता कुठं, कसा होता, मले याद हाये."

"तुले काय समजते त्यातलं?" असं म्हणून दुसऱ्या दिवशी मी एकटीच नदीवर गेले, नवे तुकडे काढायला.

तिला तेव्हा खरंच आठवत असणार. मघापासून मी तिनं धुतलेला हा दगड टेबलावर फिरवून फिरवून ठेवून पाहते आहे. कसा होता, ते सांगायला आता माय नाही.