कानातलं उलटं बाळ

सकाळची गडबड. एका शेगडीवर दूध, दुसरीवर अंडी. नवरा एका पायात मोजा घालून दुसऱ्या मोज्याचा शोध घेत होता, आणि मुलगी "जाते, जाते" म्हणत न्हाणीघराच्या दारात उभी राहून निवांत केस विंचरत होती. तेवढ्यात दार वाजलं.

घंटा असूनही दार वाजवणारा माणूस आमच्या इमारतीत एकच. दार उघडलं, तर वरच्या मजल्यावरचे कानकाका उभे. आणि त्यांच्या हातात एक कान.

रबराचा होता. पण दूध उतू जायच्या बेतात असताना समोर कुणी वीतभर लांबीचा गुलाबी कान धरला, तर तो कशाचा आहे हे कळायला क्षणभर वेळ लागतोच. लाकडी पट्टीवर बसवलेला, अंगभर बारीक ठिपके, आणि प्रत्येक ठिपक्याशेजारी इवलीशी अक्षरं.

"वहिनी, दुकानाला फोन लावा," काका म्हणाले. "फसवलंय मला. चुकीचा कान पाठवलाय."

"म्हणजे डाव्याऐवजी उजवा?"

"तेवढं असतं तर चालवून घेतलं असतं. अहो, ह्याच्यात डोकं खाली आणि पाय वर आहेत! माझा तिथं आवाज चढेल. तुम्ही गोड बोलता, तुम्हीच बोला."

मी गॅस बंद केला, त्यांना आत घेतलं आणि फ्रिज आणि भिंतीच्या मधल्या स्टुलावर बसवलं. फोन तिथंच लावलेला असतो आणि त्याची वायर तोकडी आहे.

आता कानकाका म्हणजे कोण, ते सांगायला हवं.

काकांचा जन्म छापखान्यात गेला. ते जुळारी. शिशाच्या खिळ्यांवर एकेक अक्षर, आणि तेही उलटं. ते खणांतून उचलायचं, हातातल्या पट्टीत शेजारी शेजारी लावायचं, चूक निघाली तर चिमट्यानं अलगद उपटून दुसरं बसवायचं. आयुष्यभर उलटं वाचून जगाला सुलटं दिलं, असं ते म्हणत, आणि ते खरंही होतं. पुढे संगणक आले. मालकानं काही वर्षं पावतीपुस्तकं नि भेटकार्डं छापत दम धरला, मग एके दिवशी खिळे वजनावर विकून टाकले. काका घरी आले आणि खिडकीतल्या खुर्चीत बसले ते बसलेच. दाढी नाही, पेपर नाही, भांडणसुद्धा नाही. काकू म्हणायच्या, "अगं, घरात एक माणूस कमी झालाय आणि एक खुर्ची जास्त."

ह्या अवस्थेत रस्त्यावरच्या जुन्या पुस्तकांच्या ढिगातून काकूंनी एक पुस्तक आणलं. निदान छपाईच्या चुका तरी काढत बसतील, एवढाच हेतू. पुस्तक निघालं कानाच्या उपचारांचं. कानावर साऱ्या शरीराचा नकाशा असतो, दुखणं जिथं असेल त्याचा बिंदू कानावर शोधायचा, तिथं दाब द्यायचा, अशी ती विद्या. काकांनी चुका तर काढल्याच, ढीगभर काढल्या. पण तिसऱ्या दिवशी त्यांनी दाढीही केली.

पुस्तकातली अवयवांची नावं इतकी जडजंबाल, की वाचतानाच कान दुखावेत. काकांनी ती सगळी फेकून दिली आणि छापखान्याची नावं दिली. कानाची बाहेरची कड म्हणजे समास. मधली वाटी म्हणजे खण. भोकापुढचं ते छोटं टेंगूळ म्हणजे स्वल्पविराम. आणि खालची पाळी म्हणजे तळटीप. "शून्य बिंदू" आणि "शेन-मेन" हे दोन शब्द तेवढे त्यांनी पुस्तकातले ठेवले. शेन-मेन हा मन शांत करणारा बिंदू म्हणे, आणि तो शब्द उच्चारताना काकांचा आवाज आपोआप डॉक्टरसारखा व्हायचा.

उपचार असा: खसखशीपेक्षा थोडी मोठी काळी बी, ती चिकटपट्टीच्या चौकोनी तुकड्यावर ठेवायची, आणि तो तुकडा छापखान्यातल्या त्याच चिमट्यानं कानावर नेमक्या जागी चिकटवायचा. मग रोग्यानं ती बी दिवसातून काही वेळा चिमटीत दाबायची. पैसे घ्यायचे नाहीत. चहा वर काकांचाच.

एवढं केल्यावर इमारतीत कुणाचं काही दुखेना! दूधवाल्याची पाठ राहिली, तळमजल्यावरच्या बाईंची मान राहिली, आमच्या ह्यांचं पित्त राहिलं. ह्यांनी काकांना "चमत्कार आहे हो" असं सांगितलं आणि घरात येऊन पित्ताची गोळी घेतली. दूधवाला तर "बरं वाटतंय" हे जिन्यातूनच ओरडायचा, म्हणजे आत बोलावणं येऊ नये. माझी डोकेदुखी मात्र खरंच कमी झाली होती. आता ती बियांनी झाली, की अर्धा तास कुणी "आई, माझं हे कुठंय" न विचारता खुर्चीत बसायला मिळाल्यानं झाली, ते देव जाणे.

सगळ्यात मोठा चमत्कार म्हणजे काकूंचा गुडघा. तो तर आणेवारीनं सुधारत होता. काका वर जातायेता सांगायचे, "आज आठ आणे बरा आहे." काही दिवसांनी, "दहा आणे."

त्या गुडघ्याच्या गोळ्या माझ्या स्वयंपाकघरात, चमच्यांच्या खणात मागे ठेवलेल्या असत. काकू बाजारातून आल्या की आमच्या मजल्यावर कठडा धरून थांबत, आत येत, गोळी घेत, आणि मग हसऱ्या चेहऱ्यानं वर जात. डॉक्टरांनी ऑपरेशन करा म्हणून केव्हाच सांगितलं होतं. उशीर केलात तर पाय सरळ होणं अवघड, असंही बजावलं होतं. "ह्यांना बोललीस तर बघ," काकूंनी मला दम भरला होता. मी काय बोलणार? पण त्यांना जिना आडवा चढताना बघितलं की माझाच जीव वरखाली व्हायचा.

तर, मी फोन लावला. दुकानातली मुलगी गोड आवाजाची होती. मी आवाज मोठा करून फोन मधे धरला.

"तुमच्याकडून कान आलाय, त्यात डोकं खाली आहे," मी म्हणाले.

"हो मॅडम. पाळीत डोकं. बरोबर आहे."

"बरोबर कसं?" काका स्टुलावरून पुढं झुकले. "ब्लॉक उलटा बसलाय तुमचा! पुस्तकातसुद्धा हीच चूक आहे. मी ती तेव्हाच दुरुस्त केलीय."

"काय दुरुस्त केलंत?"

"बाळाचं चित्र. कानात शरीराचा नकाशा म्हणून बाळ काढलेलं असतं ना, ते खाली डोकं वर पाय असं छापलं होतं. छापखान्यात घाईत होतं असं, चित्राचा ब्लॉक उलटा बसतो. मी लाल पेन्सिलीनं सुलटं केलं आणि तक्ताही तसाच काढला. डोकं वर, पाय तळटिपेत."

मग ती मुलगी फार जपून म्हणाली, "आजोबा, पोटातलं बाळ शेवटी शेवटी खाली डोकं करूनच असतं ना? तसंच ते कानात दाखवतात. डोकं पाळीत, गुडघे वरच्या बाजूला. तुमच्या पुस्तकात मजकुरातही लिहिलेलं असेल."

"मजकूर मी जुळवतो, बाई," काका हळू म्हणाले. "वाचत बसलो असतो तर आयुष्यात एक पान पुरं झालं नसतं."

मी आभार मानून फोन ठेवला. काका मांडीवरच्या रबरी कानाकडे बघत राहिले. एकदा त्यांनी तो फिरवून पाळी वर केली, पुन्हा खाली केली. ज्या माणसानं जन्मभर उलट्याचं सुलटं केलं, त्याला जगात एखादी गोष्ट मुळातच उलटी असते हे कुणी सांगावं!

"म्हणजे वहिनी, तुमच्या डोक्यासाठी मी बी लावत होतो ती..."

"गुडघ्याच्या जागी," मी म्हणाले.

आमचे हे एका मोज्यावर दारात उभे होते. "तुझी अक्कल कुठं आहे ते मी लग्नापासून सांगतोय," ते म्हणाले. "आज शास्त्रानंही मान्य केलं."

मी जो कटाक्ष टाकला त्यासरशी त्यांना दुसरा मोजा सापडला आणि ते गेले.

काका हसले नाहीत. "पण तुम्हाला बरं वाटलं. दूधवाल्याला वाटलं. त्या मानवाल्या बाईंना वाटलं. सगळं चुकीच्या जागी लावून सगळ्यांना बरं कसं वाटलं?"

मी चहाचं आधण ठेवलं. अशा वेळी बायका चहाच ठेवतात. काय उत्तर द्यावं ह्याची जुळवाजुळव करत होते, तोच उघड्या दारातून पिशवी आत आली आणि पाठोपाठ काकू. फ्रिजच्या आडोशाला कोण बसलंय ते त्यांना दिसायचं कारण नव्हतं.

"अगं, आधी ती गोळी दे बाई," काकू दारातल्या खुर्चीत धपकन बसत म्हणाल्या. "जिना आहे का डोंगर! आणि हे खाली आले आणि काही विचारलं, तर बारा आणे म्हणून सांग. हळूहळूच वाढवतेय मी. एकदम सोळा आणे सांगितलं, तर उपचार थांबवतील. मग दिवसभर करतील काय?"

मी डोळे मोठे केले. काकूंना वाटलं, माझंच डोकं दुखतंय.

"तुझ्याही बिया सुकल्या असतील, बदलून घे," त्या म्हणाल्या. "तेवढाच त्यांचा तास जातो."

फ्रिजमागून काका उभे राहिले. हातात कान.

काकूंनी आधी त्यांच्याकडे बघितलं, मग कानाकडे, मग माझ्याकडे. दुसरी एखादी बाई असती तर रडली असती, नाहीतर सारवासारव केली असती. काकूंनी पदर खोचला.

"काय बघताय? हो, दुखतोय. दुखायचाच. तुमच्यासारखा माणूस तिकडे खुर्चीत विझत चालला होता. सकाळी ह्या खिडकीत, संध्याकाळी त्याच खिडकीत. हाक मारली तर अर्ध्या तासानं 'काय?' त्या कानाच्या नादानं उठलात, दाढी केलीत, शेजारपाजारच्यांना चहा पाजायला लागलात, माझ्याशी भांडलात! एवढ्यानं माणूस उठतोय म्हटल्यावर कानाला काय, नाकाला बी लावली असतीत तरी मी बरं वाटतंय म्हटलं असतं."

"गुडघा किती दुखतो?" काकांनी विचारलं.

"थोडासा."

"थोडासा म्हणजे?"

"थोडासा म्हणजे थोडासा. त्याचं काय मोजमाप असतं?"

मला राहवलं नाही. "काका, डॉक्टरांनी ऑपरेशन सांगितलंय. आणि फार थांबू नका म्हणालेत."

काकूंनी माझ्याकडे अशा नजरेनं बघितलं, की त्या क्षणी मला इमारत बदलावी असं वाटलं. "ह्या बाईला काही सांगायची सोय नाही!"

"कानात गुडघा वर असतो. मी उलटाच तक्ता धरून बसलो होतो," काका म्हणाले. त्यांनी खिशातून चिमटा काढला, काकूंच्या शेजारी वाकले आणि त्यांच्या पाळीवरची चिकटपट्टी अलगद उचलली. चुकीचा खिळा काढावा तशी, शेजारचं अक्षर न हलवता. एक बी निघाली, दुसरी निघाली. काकू मान तिरकी करून बसून राहिल्या.

"आता वर लावा की," त्या थोड्या नरमाईनं म्हणाल्या. "खरा गुडघा तिथं असेल तर."

"आधी डॉक्टर," काका म्हणाले. "मग बघू. तुला हव्यात तर लावीन. पण बरं वाटतंय असं पुन्हा म्हणायचं नाही."

"म्हणजे बरं वाटलं तरी?"

"तेव्हा म्हण."

"तेव्हा तरी विश्वास ठेवाल का?" असं म्हणून काकूंनी गोळी तोंडात टाकली, पाणी प्यायल्या आणि चहाला नको म्हणून उठल्या. भाजीची पिशवी उचलायला गेल्या, तर ती काकांनी आधीच खांद्याला अडकवली होती. रबरी कान त्यांनी त्या पिशवीत खुपसला. तो दोन दुधी भोपळ्यांच्या मधून डोकावत होता.

काकू जिना चढायला लागल्या. एक पायरी, कठडा, दुसरा पाय त्याच पायरीवर. काका माझ्या उंबऱ्यात उभे राहून बघत होते. इतके दिवस त्यांनी काकूंना चढताना बघितलंच नव्हतं. त्या घरी पोचायच्या तेव्हा हसऱ्याच पोचायच्या.

त्या वळणापलीकडे गेल्यावर काका माझ्याकडे वळले.

"वहिनी, मी आजच डॉक्टरांची वेळ घेतो," ते म्हणाले. "मी शेजारी बसलो की ती त्यांनाही थोडासाच दुखतो म्हणेल. तुम्ही तिच्याबरोबर आत जाल का? मी बाहेर बाकावर बसतो."