व्हर्लिनच्या केकचं पिल्लू

खोक्यातल्या तयार पिठाचा केक करते म्हणून आमच्या डोंगरात कुणी कुणाला नावं ठेवत नाही. ठेवलीच तर चर्चमधल्या ओशीसारखी एखादी ठेवते, आणि तीही पहिला घास तोंडात गेला की गप्प बसते. पण तोच खोका मागे छापलंय तसं नुसतं पाणी घालून, भाजून, चर्चच्या जेवणाला आणलात, तर मात्र तुमची धडगत नाही. आणि त्या खोकेवाल्यांना तर काय म्हणावं! खोका तेवढाच, वरचं चित्र तेवढंच, आणि आतलं पीठ दर थोड्या वर्षांनी मूठभर कमी. आईच्या काळात एका खोक्यात दोन भरघोस थर व्हायचे. आता तेच भांडं काढलं तर केक तळाशी भाकरीसारखा पसरतो.

आमच्यातल्या म्हाताऱ्या व्हर्लिननं यावर आपला तोडगा काढला होता. मैदा, साखर, दुधाची पावडर, थोडं कॉर्नफ्लोअर आणि बेकिंग पावडर एकत्र चाळून ती एका डब्यात भरून ठेवायची. डबा कसला, तर केकवरच्या क्रीमचा रिकामा पांढरा डबा. आमच्याकडे तो कुणी फेकत नाही. याला ती ‘भर’ म्हणायची. दर खोक्यामागे शीग लावून एक कप भर, एक अंडं जास्तीचं, चमचाभर आंबट साय, आणि केक चॉकलेटचा असला तर पाण्याऐवजी सकाळची उरलेली गार कॉफी. मग केक असा फुगायचा की भांड्यात मावत नसे. उरलेलं मिश्रण ती एका छोट्या वाटीत ओतून शेजारी भाजायची. हे त्या केकचं पिल्लू. मोठा केक चर्चला जायचा आणि पिल्लू घरात जे कुणी लाडकं असेल त्याच्या हातात पडायचं. गरम गरम, बशी नाही, काही नाही. तिच्या पोरांनी खाल्लं, नातवंडांनी खाल्लं. केलिन, तिची नात, तर पिल्लांवरच वाढलेली.

तिचा नवरा होबर्ट कोळशाच्या खाणीतला माणूस. ही गोष्ट घडली त्याच्या आधीच्या हिवाळ्यात छातीच्या दुखण्यानं गेला. त्याचंही एक मिश्रण होतं. बोरिक पावडर, मैदा आणि पिठीसाखर. झुरळं, मुंग्या, सगळ्यांवर एकच उपाय. निम्म्या खोऱ्यातल्या बायका त्याच्याकडून मागून न्यायच्या. तोही ते क्रीमच्याच डब्यात भरायचा, पण झाकणावर काळी मोठी फुली काढून बाहेर शेडमध्ये उंच फळीवर ठेवायचा. “हे घरात आणायचं नाही, व्हर्लिन,” एवढं एकच तो तिला दटावून सांगायचा. बाकी तिचंच राज्य होतं.

मे महिन्यात कबरी सजवायचा रविवार आला. त्या दिवशी सगळे आपापल्या माणसांच्या कबरीवरचं गवत काढतात, फुलं ठेवतात, आणि मग कब्रस्तानाखालच्या झाडांत फळ्यांची लांब टेबलं मांडून सगळ्यांचं एकत्र जेवण होतं. होबर्टच्या कबरीवर फुलं ठेवायची व्हर्लिनची ही पहिलीच वेळ. केलिन आदल्या दिवशीच आजीकडे आली होती, सातवा महिना लागलेला. त्याआधी दोनदा पोट राहिलं होतं आणि दोनदा गेलं होतं. त्या दुसऱ्या बाळाचा एक लहानसा दगड होबर्टच्या कबरीच्या पायथ्याशीच आहे, त्यावर नाव नाही. या वेळी मात्र केलिन आजीला म्हणाली होती, “बाळ झालं की मी कामावर जाणार आणि ते तुझ्याकडे टाकणार, बघ. तयारीत राहा.” तेव्हापासून म्हातारी हवेत होती.

टेबलावर कोंबडी आली, घेवड्याची भाजी आली, मक्याच्या भाकऱ्या आल्या, आणि व्हर्लिनचा तीन थरांचा चॉकलेटचा केक आला. पोरं जेवणाआधीच त्याच्याभोवती घिरट्या घालू लागली. ओशी कमरेवर हात ठेवून बघत होती.

“खोक्याचाच ना गं?”

“खोक्याचाच. तुला नको असेल तर नको खाऊस.”

“मी कुठं म्हटलं नको! मोठा तुकडा ठेव.” मग ती जवळ सरकून म्हणाली, “बरं ऐक, माझ्या ओट्यावर मुंग्यांची रांगच लागलीय बाई. होबर्टची ती पावडर उरलीय का तुझ्याकडे?”

“आहे की. शेडमध्ये...” व्हर्लिन बोलता बोलता थांबली.

शेडमध्ये आता काही नव्हतं. ईस्टरनंतर एक दिवस घर खायला उठलं म्हणून तिनं शेड रिकामी केली होती. रडत रडत सगळं बाहेर काढलं, हत्यारं शेजाऱ्यांना वाटली. फळीवर क्रीमचा डबा दिसला. ‘मेला माझा डबा इथं आणून बसलाय,’ असं म्हणून तिनं तो घरात नेला. डब्यावर कोळशाची काजळी होती, ग्रीस होतं, झाकणावर काहीतरी काळं होतं. ती तारेच्या घासणीनं घासत बसली, डबा चकचकीत होईपर्यंत. मग आत पांढरं पीठ दिसलं, म्हणजे आपलीच भर, म्हणून स्वयंपाकघरातल्या फळीवर मैद्याच्या शेजारी ठेवला.

म्हणजे फळीवर दोन डबे होते. सारखे. आणि आज पहाटे तिनं त्यातला एक काढून त्यातून शीग लावून कप भरला होता. कुठला? हात वर गेला आणि डबा खाली आला, एवढंच तिला आठवत होतं.

तेवढ्यात पाद्रीबाबांनी हात वर केले आणि सगळ्यांनी माना खाली घातल्या. आमचे पाद्रीबाबा जेवणाआधीची प्रार्थना आटोपशीर करत नाहीत. मेलेल्यांची नावं घेत घेत ते निम्म्या कब्रस्तानातून फिरून येतात. व्हर्लिननं डोळे मिटले नाहीत. तिला केक दिसत होता, आणि केकच्या कडेला बोट लावायला टपलेली पोरं. ओरडावं? सगळ्यांसमोर काय म्हणून ओरडावं? मी तुम्हाला झुरळांची पावडर खाऊ घालणार होते म्हणून? इतक्या वर्षांत तिच्या हातचं खाऊन कुणाचं पोटसुद्धा दुखलं नव्हतं. लोक काय म्हणतील, म्हातारीचं डोकं गेलं. मग केलिन कशाला बाळ ठेवील हिच्याकडे!

भीतीनं माणूस काय करील सांगता येत नाही. व्हर्लिननं प्रार्थना चालू असतानाच टेबलाला असा धक्का दिला की केक ताटासकट गवतात उपडा झाला.

“अगं बाई!” ती मोठ्यांदा म्हणाली. “पाय अडखळला माझा.”

हळहळ तर अशी झाली की होबर्ट गेला तेव्हाही तेवढी झाली नसेल. कुणाचा तरी कुत्रा धावत आला, तर व्हर्लिननं आपली पर्स त्याच्या डोक्यात हाणली. “हाड! हाड म्हणते ना!” ती गुडघ्यांवर बसून दोन्ही हातांनी केक कचऱ्याच्या पिशवीत भरू लागली. गवत, माती, सगळं. सुटले, तिला वाटलं. कुणाला कळणार नाही. घरी जाऊन दोन्ही डबे फेकून दिले की झालं.

केलिन पोट सांभाळत वाकली आणि आजीच्या खांद्यावर हात ठेवला.

“जाऊ दे ना आजी. रडतेस काय एवढ्याशासाठी! आणि माझं काय नुकसान झालं? मी सकाळीच पिल्लू खाऊन बसलेय, सगळंच्या सगळं.”

पिल्लू. व्हर्लिननंच दिलं होतं, वाटीतून काढून, फुंकर मारून. ‘दोघांसाठी आहे,’ असंही म्हणाली होती.

“केलिन,” ती खाली बसूनच म्हणाली, “पोरी, मी तुला विष घातलं की काय गं!”

मग तिनं सगळं सांगितलं. पाय अडखळला नव्हता हेसुद्धा. भोवती सगळे उभे होते, आणि मघाशी ज्या नावाची तिला काळजी होती, ते तिला आता आठवतही नव्हतं. केलिनचे दोन्ही हात पोटावर गेले. पाद्रीबाबांनी धावत जाऊन चर्चमधून घाटापलीकडच्या हॉस्पिटलला फोन लावला. तिकडून सांगितलं, आधी नक्की काय खाल्लं ते बघा, आणि शंका असेल तर तो डबा बरोबर घेऊन तडक निघून या. व्हर्लिनचं घर वाटेवरच होतं.

गाडी ओशीनं काढली. एरवी ती गाडी बैलगाडीसारखी हाकते, पण त्या दिवशी वळणांवर चाकं किंचाळत होती. व्हर्लिन मागे नातीला चिकटून बसली होती.

“हलतंय का गं?”

“आजी, आत्ताच विचारलंस.”

“पण हलतंय का?”

“मला कळत नाहीये!” केलिन ओरडली आणि मग रडू लागली. “सकाळी हलत होतं. आता मला काहीच कळत नाहीये. तू विचारू नकोस ना!”

“कुणी विचारायचं नाही,” ओशी पुढून दरडावून म्हणाली. “देवाला विचारा, मला गाडी चालवू द्या.”

स्वयंपाकघरात ओट्यावर एक डबा होता, पहाटेचा कप अजून त्यातच. दुसरा फळीवर. ओशीनं दोन्हींत बोट घालून हुंगलं. दोन्ही पांढरे, दोन्ही मऊ. चवीला म्हणाल तर दोन्ही गोडच असणार, आणि चाखणार कोण?

“दोन्ही घे आणि चल,” ओशी म्हणाली.

“थांब. पाणी उकळ.” हे व्हर्लिनला पक्कं माहीत होतं. “माझ्या भरीत बेकिंग पावडर आहे. उकळतं पाणी पडलं की ती फसफसते. होबर्टच्या पावडरीत तसलं काही नाही. ती मेल्यासारखी पडून राहते.”

किटली काही केल्या तापेना. केलिन दारात उभी होती, आत यायलाही तयार नव्हती. अखेर वाफ आली. व्हर्लिननं ओट्यावरच्या डब्यातलं चमचाभर पीठ पेल्यात घातलं. किटली तिला उचलवेना. ओशीनं तिच्या हातावर आपला हात ठेवला आणि दोघींनी मिळून ओतलं.

क्षणभर काहीच झालं नाही. व्हर्लिनच्या तोंडून बारीक आवाज निघाला. मग तळातून बुडबुडे आले, आणि पांढरा फेस फसफसत पेल्याच्या काठावरून ओट्यावर सांडला.

“भर आहे!” ओशी किंचाळली. “अगं, भर आहे! तुझी भरच आहे, म्हातारे!” केलिन दारातच खाली बसली आणि हसता हसता हुंदके देऊ लागली. तिघींचा जीव भांड्यात पडला. ओशी तर तो फेस हातानं पुसता पुसता म्हणाली की एवढा चांगला केक मातीत घातल्याबद्दल तुला मी जन्मात माफ करणार नाही.

पण व्हर्लिननं दुसरा पेला काढला. फळीवरच्या डब्यातलं पीठ घातलं, वरून पाणी ओतलं. तिघी वाट बघत राहिल्या. पाणी तसंच राहिलं, पीठ तळाशी बसलं. एकही बुडबुडा आला नाही.

तो डबा पहाटे मैद्याला टेकून उभा होता, भरीच्या डब्यापासून एका वितीवर. तिनं हात थोडा उजवीकडे नेला असता तर आज काय झालं असतं, हे तिघींनाही दिसलं. केलिन उठली, आजीला मिठीत घेतलं आणि म्हणाली, “झालं ना आता. मी बरी आहे.” तरी ओशीनं तिला घाटापलीकडे नेलंच, आणि डॉक्टरांनी बाळाचे ठोके ऐकवले तेव्हा कुठं व्हर्लिन खुर्चीवर बसली.

पोरगी झाली. हॅटी नाव. आणि केलिननं बोलल्याप्रमाणे तिला आजीकडेच टाकलं, कुणी काहीही म्हणो. घरात आता ती पावडर नाही, कुणाला देतही नाहीत. सगळ्या डब्यांवर केलिननं ठळक अक्षरांत नावं घातलीत.

तरी व्हर्लिन हल्ली रविवारचा केक शनिवारी सकाळीच करते. पिल्लू भाजलं की ते एकटी खाते, सगळंच्या सगळं, आणि दुसऱ्या दिवशी आपण धडधाकट उठलो तरच मोठा केक घराबाहेर काढते. केलिननं एकदा चिडून विचारलं, “हे कुठवर चालणार?” तर म्हणे, “मी आहे तोवर.”

हॅटी आता चालते. वास आला की ओट्याशी येऊन म्हातारीच्या झग्याला लोंबकळते आणि हात वर करते. “पिलू! माझं पिलू!”

“नाही गं राणी,” व्हर्लिन म्हणते आणि गरम पिल्लू तिच्या हाताला लागणार नाही असं उंच धरते. “आज माझं. तुझं उद्या.”

पोरगी भोकाड पसरते. म्हातारी तिच्याकडे पाठ करून, उभ्याउभ्याच, शेवटच्या कणापर्यंत खाते.