आधी तुझ्या हातचा घास

“जीबीएस,” डॉक्टर म्हणाल्या. “गिलन-बारे सिंड्रोम. शरीराची राखण करणारी फौज आपल्याच नसांवर उलटते.” फौज! हवाईदलातल्या माणसाच्या बायकोला हेच ऐकायचं राहिलं होतं.

सोमवारी पायांना मुंग्या आल्या, बुधवारी जिना चढवेना. शुक्रवारी चंडीगडच्या सेक्टर ३२मधल्या रुग्णालयाच्या वॉर्डात मी ओंडक्यासारखी पडलेले, हातही गेलेले. आयव्हीआयजी, म्हणजे दुसऱ्यांच्या रक्तातून काढलेलं औषध, थेंब थेंब शिरेत उतरायचं. पडद्यावर ऊन हळूहळू सरकायचं. मध्येच साताऱ्याच्या न्हाणीघरातला धुराचा वास यायचा. जागी आहे की स्वप्नात, कळायचं नाही.

जेवायला मात्र साफ नकार. दर बदलीत एकटीनं संसार हलवलेली बाई मी, मला कुणी भरवायचं? नवऱ्यानं चमचा पुढे केला की मी तोंड फिरवायचे. डॉक्टर म्हणाल्या, “आता नाकातून नळी घालावी लागेल.”

त्या दुपारी करड्या साडीतल्या एक म्हाताऱ्या मदर, ख्रिस्ती धर्मभगिनी, खाटेशी आल्या. “काय गं बाय, उपास धरलास?”

मराठी! मला रडूच फुटलं. मदर मूळच्या वसईच्या, तरुणपणी नर्स म्हणून चंडीगडला आलेल्या. त्यांनी सांगितलं, तेव्हा जवळच्या डेराबस्सी गावचा एक भाजलेला कामगार त्यांच्या हातून खाईना. म्हणाला, “मैं भिखारी नहीं हूँ, सिस्टर.” मदरनी त्याच्याकडेच घास मागितला. त्यानं भरवला, मग स्वतः जेवला. पुढे चर्चची परवानगी काढून, दोन सिस्टरना घेऊन त्यांनी डेराबस्सीत एका शेडमध्ये रुग्णसेवेचा आपला संघ सुरू केला. नियम तोच: आधी रुग्णाच्या हातचा घास, मग त्याला भरवायचं.

“माझे हात हलत नाहीत,” मी चिडून म्हणाले.

“माझे हलतात की!” त्यांनी माझा लुळा हात उचलला, बोटांवर वाटीतला शिरा ठेवला आणि खाल्ला. मग मी तोंड उघडलं.

असं पडून असताना कुणी हे वाचत असाल तर सांगते, धीर धरा. माझी बोटं महिन्यानं हलली, पाय त्याहून उशिरा. फिजिओथेरपी, म्हणजे व्यायामाचे उपचार, जीव नकोसा करते. करा तरीही.

वर्षानं शिरा घेऊन डेराबस्सीला गेले. मदरना स्ट्रोक झालेला, म्हणजे मेंदूचा रक्तपुरवठा अडून उजवं अंग गेलेलं. “दो दिन से किसी के हाथ से नहीं खा रहीं,” सिस्टर रडवेली होऊन म्हणाली. ज्यांनी नियम घातला त्यांना तो लावायची हिंमत कुणालाच झाली नव्हती.

मी मदरचा उजवा हात उचलला. बोटांवर शिरा ठेवला. थोडा चादरीवर सांडला.

“आधी तुमच्या हातचा, मदर,” मी म्हणाले, आणि खाल्ला.

 मग त्यांनी तोंड उघडलं.