जहाजावरचा आचारी

गुरुदत्त सबनीस ठाण्याहून ओडेसाला गेले ते जहाजांची इंजिनं शिकायला, आणि पहिल्याच हिवाळ्यात समुद्री चाचे होऊन बसले. सोव्हिएत काळ तो. तिथल्या फिल्म स्टुडिओला परदेशी चेहरे लागत, आणि त्या बर्फात सावळा माणूस शोधायचा कुठे? वसतिगृहात आलेल्या सहायक दिग्दर्शकानं त्यांना न्याहाळलं आणि दुसऱ्या दिवशी बोलावून घेतलं. मग शिक्षण सांभाळून ते अरब व्यापारी झाले, क्यूबाचे डॉक्टर झाले, तुर्की हमाल झाले, एकदा तर नाकाला मेण लावून इटालियन पाद्री. भारतीय माणसाची भूमिका तेवढी मिळाली नाही. ती एका जॉर्जियन नटाला गेली, कारण दिग्दर्शकाच्या मते तो जास्त भारतीय दिसायचा.

आवाज मात्र एकाही चित्रपटात त्यांचा नव्हता. त्यांच्या रशियनला ठाण्याचा हेल होता, म्हणून मागाहून दुसराच नट वाक्यं बोलायचा. स्वतःच्या तोंडून परका घोगरा आवाज ऐकताना गुरुदत्त खुर्चीत चुळबुळत.

पदवी घेऊन ते परतले, वासंतीबाईंशी लग्न झालं, पुढे ओमानमधल्या सलालाहच्या बंदरात नोकरी लागली. चित्रपटांचा विषय जेवणानंतरच्या गप्पांपुरता उरला. वासंतीबाईंना सगळे किस्से पाठ होते, पण चित्रपट एकही पाहिलेला नव्हता. “रुपयातले चार आणे खरं असेल,” असं त्या मुलाला, निशांतला, म्हणत. निशांतलाही सलालाहलाच नोकरी लागली, म्हणून निवृत्तीनंतर दोघं त्याच्याकडेच राहिली.

गेल्या जानेवारीत ती दोघं नारळाच्या बागांजवळच्या टपरीवर शहाळी प्यायला थांबली. हिवाळ्यात सलालाहला रशियन पर्यटक विमानं भरभरून येतात. शेजारच्या बाकावरची पिकल्या केसांची एक बाई दुकानदाराला खुणांनी मलई मागत होती. गुरुदत्तांनी त्याला हिंदीत समजावलं, मग तिच्याशी रशियनमध्ये बोलले. ती त्यांच्या तोंडाकडे बघतच राहिली.

“तुम्ही त्या जहाजावरचे आचारी ना? वादळात सगळ्यांना रस्सा वाढणारे?”

गुरुदत्तांच्या हातातलं शहाळं कलंडलं. बाईचं नाव तमारा. लहानपणी दर सुट्टीत टीव्हीवर तो चित्रपट लागायचा, म्हणाली. “ते वाक्य म्हणा ना.”

गुरुदत्तांनी घसा साफ केला आणि रशियनमध्ये म्हणाले, “खा, पोरांनो. भरल्या पोटी माणूस बुडत नाही.”

“तुमचा आवाज असा आहे होय,” तमारा म्हणाली. “छान आहे. पण घाबरल्यासारखा वाटला. पुन्हा म्हणा.”

“काय म्हणतेय ती?” वासंतीबाईंनी विचारलं.

“पुन्हा म्हणा म्हणतेय.”

“मग म्हणा की.”

या खेपेला ते उभे राहून, हात पसरून म्हणाले. टपरीवरच्या लोकांनी टाळ्या वाजवल्या. तमारानं मोबाइलवर तो चित्रपट शोधून काढला. उन्हात स्क्रीन नीट दिसेना, म्हणून वासंतीबाईंनी वर पदर धरला आणि पातेलं घेऊन डुलणारा आपला तरुण नवरा पाहिला.

“बरे दिसत होतात,” त्या म्हणाल्या. “केस तुमचेच?”

“टोप होता.”

घरी गेल्या गेल्या त्यांनी सून सावनीला सगळं सांगितलं, आणि सावनीनं तिथल्या मराठी मंडळात. आता मंडळाच्या नाटकात गुरुदत्तांना दोन कामं आहेत, पहिल्या अंकात घरमालक आणि दुसऱ्यात ज्योतिषी. मध्ये वेळ थोडा असतो, म्हणून वासंतीबाई दाढी आणि उपरणं घेऊन विंगेत उभ्या राहतात.